छोट्या सुपर एनईएसमध्ये आपल्या जुन्या कॅसेट कशा भराव्यात

निन्टेंडोचा सुपर एनईएस क्लासिक, म्हणजे नव्वदच्या दशकातल्या सुपर एनईएस या टीव्हीवर खेळायच्या कन्सोलची छोटी आवृत्ती, २९ सप्टेंबर २०१७ला बाजारात आला. युरोपात त्यालाच क्लासिक मिनी म्हणतात. त्यात २१ गेम होते. नव्वदच्या दशकात तयार होऊनही तेव्हा विक्रीला न आलेला स्टार फॉक्स २ त्यात मिळाला, क्रोनो ट्रिगर हा गेम मात्र नाही. नवा गेम टाकायची सोय निन्टेंडोने ठेवलेलीच नाही. इंटरनेट नाही, मेमरी कार्डाची खाच नाही, वरचं कॅसेटचं झाकण तर नुसतं दाखवायचं आहे. ही सोय हॅकची नावाच्या फुकट प्रोग्रामने करता येते. मूळ हॅकची मॅडमंकी या टोपणनावाच्या प्रोग्रामरची, विंडोजवर चालणारी हॅकची२ क्लस्टरएमची, आणि सध्या वापरायची ती टीम शिंकानसेनची हॅकची२ सीई. जुन्या व्हिडिओंत दिसणाऱ्या साध्या हॅकची२च्या मागे लागू नका, तिच्यातल्या बऱ्याच पायऱ्या आता लागतच नाहीत.

डब्यात नेमकं काय आहे ते आधी पाहू, कारण पुढच्या बहुतेक अडचणी तिथूनच येतात. आत ऑलविनर आर१६ ही चार गाभ्यांची चिप आहे, २५६ एमबी रॅम आणि ५१२ एमबी साठवण. वर लिनक्स चालतं. गेम निवडायचा मेनू हा एक प्रोग्राम आणि गेम चालवणारा कनू हा दुसरा प्रोग्राम. ५१२ एमबीतली बरीच जागा मूळ सामानाने व्यापलेली असल्यामुळे आपल्या हातात दोनशे एमबीच्या आसपास उरते. ऐकायला हे फारच थोडं वाटतं, पण सुपर मारिओ वर्ल्ड अख्खा ५१२ केबीत बसतो आणि क्रोनो ट्रिगर ४ एमबीत. सुपर एनईएससाठी जागा कमी पडत नाही. कमी पडते ती प्लेस्टेशनची हाव सुटली की.

याच चिपमध्ये एफईएल नावाची एक मागची वाट आहे. ती चिपमध्येच कोरलेली असते, साठवणीत नाही. म्हणून साठवणीत काहीही गोंधळ घातला तरी रिसेट दाबून त्या वाटेने पुन्हा आत शिरता येतं. सॉफ्टवेअरच्या चुकीने हा कन्सोल विटेसारखा कायमचा निकामी होऊन पडणं म्हणूनच जवळपास अशक्य आहे. आतला डेटा मात्र जाऊ शकतो, तेव्हा बॅकअपचा कंटाळा करू नका.

खरा कन्सोल आणि खरी केबल

बाजारात छोट्या डब्यात '६२० गेम' असं लिहिलेले कन्सोल मिळतात. टीव्हीला जोडायला पिवळी-पांढरी-लाल वायर असेल तर ते हे नव्हेच. आत एकाच चिपवर एनईएसची, म्हणजे सुपर एनईएसच्या आधीच्या कन्सोलची, नक्कल असते आणि हॅकचीला ते दिसतही नाहीत. खऱ्या कन्सोलला मागे एचडीएमआय आणि मायक्रो-यूएसबी अशी दोनच तोंडं असतात. पुढचं कंट्रोलरच्या खाचांचं तोंड ओढलं की आत दोन चपटी सॉकेटं दिसतात. निन्टेंडोच्याच वी या कन्सोलच्या रिमोटला जे जोडतात त्याच आकाराची ती असतात, म्हणून वीचा क्लासिक कंट्रोलर इथे थेट चालतो.

केबलवर इथे जितका वेळ वाया जातो तितका दुसऱ्या कशावरच जात नाही. मोबाइलच्या चार्जरबरोबर आलेल्या कित्येक मायक्रो-यूएसबी केबलमध्ये फक्त विजेच्या दोन तारा असतात, डेटाच्या दोन नसतातच. कन्सोल चालू होतो, दिवा लागतो, संगणकाला काहीच कळत नाही, आणि मग माणूस दोन तास ड्रायव्हर बदलत बसतो. आधी त्या केबलने एखादा फोन संगणकाला जोडून फोटो दिसतात का ते पाहा. दिसले तर केबल चांगली. मधे हब नको. संगणकाच्या मागचं थेट तोंड वापरा, आणि निळ्या यूएसबी ३ तोंडावर जोडणी तुटत राहिली तर काळ्या यूएसबी २वर या.

कॅसेटमधून फाइल

हॅकचीबरोबर एकही गेम येत नाही. गेम आपल्याच कॅसेटमधून काढायचे. त्यासाठी कॅसेट वाचणारं उपकरण लागतं. रेट्रोड नावाचं असं उपकरण संगणकाला पेन ड्राइव्हसारखं दिसतं आणि त्यात गेमची व सेव्हची अशा फाइली तयारच असतात. अर्डुइनो मेगा या छोट्या सर्किट बोर्डवर बांधायचा खुल्या आराखड्याचा रीडरही आहे, पण सोल्डरिंगला हात सरावलेला असेल तरच त्या वाटेला जा.

वाचण्याआधी कॅसेटच्या तोंडाशी असलेल्या धातूच्या पट्ट्या साफ करा. कापसाच्या काडीवर आयसोप्रोपिल अल्कोहोल घेऊन पट्टीच्या लांबीच्या दिशेने पुसा, काडी काळी यायची थांबेपर्यंत. सुपर एनईएसची कॅसेट उघडायला स्क्रूड्रायव्हरचं ३.८ मिमीचं खास बिट लागतं, पण नुसत्या सफाईसाठी उघडायची गरज नाही. आणि फुंकर नको. आपल्याकडे गेम लागला नाही की कॅसेट काढायची, फुंकायची, परत घालायची हा घरोघरचा विधी होता. फायदा व्हायचा तो काढून पुन्हा घातल्याचा. फुंकरीने फक्त तोंडातला ओलावा तांब्यावर बसायचा.

एकच कॅसेट दोनदा वाचा आणि दोन्ही फाइलींचा एसएचए-१, म्हणजे फाइलीच्या मजकुरावरून निघणारा तपासणीचा आकडा, काढा. विंडोजमध्ये कमांड प्रॉम्प्टवर सर्टयुटिल या कमांडने तो काढता येतो. दोन्ही आकडे जुळले नाहीत तर पट्ट्या अजून मळलेल्या आहेत. जुळले की मग फाइलीचा आकार बघा.

इथे जरा थांबायला हवं. क्रोनो ट्रिगरची स्वच्छ फाइल नेमकी ४१,९४,३०४ बाइटची असते. तीच ४१,९४,८१६ दिसली तर पुढे ५१२ बाइटची डोकेपट्टी (हेडर) चिकटलेली आहे. पूर्वी फ्लॉपीवर कॅसेट उतरवणारी जी यंत्रं होती, ती स्वतःच्या सोयीसाठी ही पट्टी लावत. कोणत्याही सुपर एनईएस फाइलीसाठी नियम सोपा आहे: आकाराला १०२४ने भागा. बाकी शून्य आली तर स्वच्छ, ५१२ आली तर पट्टी आहे. फाइलीचं नाव एसएमसीने संपत असेल तर हॅकची पट्टी स्वतःच कापते. पण पट्टी असलेल्या फाइलीला कुणी एसएफसी हे नाव देऊन ठेवलं असेल, तर ती तशीच आत जाते, सगळे पत्ते ५१२ने सरकतात आणि टीव्हीवर काळोख दिसतो. अशा फाइलीच्या नावाचं शेपूट बदलून एसएमसी करा, पुन्हा हॅकचीत घाला, काम झालं. खात्रीच करायची असेल तर फाइल हेक्स एडिटरमध्ये, म्हणजे फाइलीतले बाइट दाखवणाऱ्या प्रोग्राममध्ये, उघडून एफएफसी० या पत्त्यावर जा. स्वच्छ फाइलीत तिथे इंग्रजी मोठ्या अक्षरांत क्रोनो ट्रिगर असं चक्क लिहिलेलं दिसतं. पट्टी असली तर हेच नाव १०१सी० वर सापडतं. सगळ्या गेमचं नाव मात्र याच पत्त्यावर नसतं. लो-रॉम नावाच्या मांडणीच्या गेममध्ये ते ७एफसी० वर असतं.

हा नियम सुपर एनईएसपुरताच. एनईएसच्या फाइलीला पुढे १६ बाइटची पट्टी असते आणि ती कापायची नाही. कॅसेटमध्ये कोणता सर्किट-प्रकार होता ते तिच्यातच नोंदलेलं असतं. सुपर मारिओ ब्रदर्सची फाइल ४०,९७६ बाइटची असते, म्हणजे गेम ४०,९६० आणि पट्टी १६.

आणि आपल्याकडच्या '९९९९ इन १' कॅसेट? त्या फॅमिकॉमच्या, म्हणजे जपानी एनईएसच्या, ६० पिनांच्या कॅसेटच्या नकला. आतले सर्किट-प्रकार इतके चमत्कारिक की वाचक उपकरणांना त्या बहुधा नीट वाचताच येत नाहीत. त्यांच्यावर संध्याकाळ घालवू नका.

हॅकची बसवणं

हॅकची विंडोजवरच चालवा. दुसऱ्या सिस्टीमवर व्हर्च्युअल मशीनमध्ये चालवली तर जोडणीच्या मधेच कन्सोल आपली यूएसबी ओळख बदलतो आणि मशीनच्या हातून निसटतो. झिप फाइल सी ड्राइव्हवर छोट्या नावाच्या फोल्डरमध्ये पूर्ण उघडा. झिपच्या आतूनच चालवू नका, प्रोग्राम फाइल्समध्येही ठेवू नका, कारण हॅकचीला स्वतःच्या फोल्डरमध्ये लिहावं लागतं. अँटिव्हायरस एखादी फाइल उचलून नेतो आणि मग भलतीच चूक दिसते, तेव्हा त्याच्या यादीत एक नजर टाका.

प्रोग्राम सुरू झाला की कोणता कन्सोल ते विचारतो. अमेरिकन-युरोपियन सुपर एनईएस आणि जपानी सुपर फॅमिकॉम यांत गल्लत करू नका. मग कर्नल मेनूतून इन्स्टॉल/रिपेअर निवडा. वाट पाहणारी खिडकी उघडेल. आता कन्सोल बंद असल्याची खात्री करून केबल जोडा. रिसेट दाबून धरा, धरलेलाच ठेवून पॉवरचा खटका पुढे सरकवा, आणि खिडकी पुढे सरकेपर्यंत रिसेट सोडू नका. टीव्हीवर नेहमीचा मेनू आला तर रिसेटला उशीर झाला. बंद करून पुन्हा.

खिडकी तशीच अडकली तर डिव्हाइस मॅनेजर उघडा. हार्डवेअर आयडीत व्हीआयडी १एफ३ए आणि पीआयडी ईएफई८ दिसलं तर कन्सोल एफईएलमध्ये व्यवस्थित पोचला आहे, फक्त ड्रायव्हर नाही. खिडकीतल्याच इन्स्टॉल ड्रायव्हर बटणाने तो बसवा. काहीच दिसत नसेल तर गाडी पुन्हा केबलवर. 'अननोन डिव्हाइस' असं काही येत-जात असेल तर तोंड बदला.

हॅकची मूळ कर्नलची, म्हणजे लिनक्सच्या गाभ्याची, प्रत काढून ठेवते. त्यावर भागवू नका. अ‍ॅडव्हान्स्ड मेनूत जाऊन अख्ख्या नँडची, म्हणजे आतल्या साठवणीची, प्रत काढा आणि ती संगणकाबाहेर दुसऱ्या डिस्कवर ठेवा. वेळ लागतो, पण हे एकदाच करायचं आहे. दुसऱ्याच्या कन्सोलची प्रत आपल्याला उपयोगी पडेल असं समजू नका.

एकदा हे झालं की पुढे रिसेटची कसरत लागत नाही. कन्सोल नेहमीसारखा चालू करून संगणकाला जोडला की हॅकची त्याला आपोआप ओळखते.

गेम चढवताना

फाइली खिडकीत ओढून टाका. झिप असली तरी चालते. प्रत्येक गेमला नाव, वर्ष, खेळाडूंची संख्या आणि कव्हरचं चित्र द्या. चित्र नसेल तर मेनूत रिकामा चौकोन दिसतो आणि दहा रिकामे चौकोन झाले की कोणता कुठला ते आठवत नाही. मग सिंक्रोनाइझ.

हॅकची प्रत्येक गेमला सीएलव्ही अक्षरांनी सुरू होणारा संकेतांक देते आणि तो फाइलीच्या मजकुरावरून ठरतो. फाइलीत एक बाइट बदलला तरी संकेतांक बदलतो, आणि कन्सोलच्या लेखी तो नवाच गेम होतो. पन्नास तास खेळलेल्या गेमवर कुणी भाषांतराचा पॅच (मूळ फाइलीत केलेला बदल) लावला आणि जुने सेव्ह 'गेले' म्हणून रडू लागला, तर बहुधा हेच झालेलं असतं. ते गेलेले नाहीत, जुन्या संकेतांकाच्या फोल्डरमध्ये पडून आहेत. म्हणून पॅच लावायचा तर खेळायला बसण्याआधी लावा.

एका फोल्डरमध्ये ३०च्या वर गेम ठेवू नका. मेनू त्या फोल्डरमधली सगळी कव्हरं एकदम रॅममध्ये ओढतो आणि एकूण रॅमच २५६ एमबी आहे. फोल्डर फुगला की मेनू अडखळतो, मग बंदच पडतो आणि कन्सोल पुन्हा पुन्हा सुरू होत राहतो. घाबरू नका. हॅकचीतून गेम कमी करून पुन्हा सिंक्रोनाइझ करा. वर्णाक्षरांनी फोल्डर आपोआप पाडायची सोय आहे, पण स्वतः पाडलेले बरे. खरं तर शंभर गेम चढवणारा माणूस मेनूतच फिरत राहतो. पंचवीस-तीस निवडून चढवले तर त्यातले काही पूर्ण तरी होतात.

साठवणीत २०-३० एमबी मोकळे सोडा. सेव्ह आणि सस्पेंड पॉइंट (गेम मधेच थांबवून जपून ठेवलेली जागा) तिथेच जातात. काठोकाठ भरलेल्या कन्सोलवर गेम चालतो पण सेव्ह होत नाही, आणि हे कळतं ते नको त्या वेळी.

खेळताना मेनूवर यायला मूळ कन्सोलमध्ये उठून रिसेट दाबावं लागतं. हॅकचीने खाली आणि सिलेक्ट एकत्र दाबून धरलं की तेच होतं. केवढासा बदल, पण सोफ्यावर बसणाऱ्याला हाच सगळ्यात जास्त आवडतो.

कनूला न पेलणारे गेम

सुपर एनईएसच्या काही कॅसेटमध्ये स्वतंत्र चिप असायची. स्टार फॉक्समधली सुपर एफएक्स, सुपर मारिओ कार्टमधली डीएसपी-१, सुपर मारिओ आरपीजीमधली एसए-१. हे तिन्ही गेम मूळ एकविसात आहेत, म्हणजे या चिपा कनूला येतात. पण सगळ्या येत नाहीत. काही जपानी गेम किंवा घरगुती पॅच लावलेले काही गेम काळ्या पडद्यावर थांबतात किंवा टीव्हीवर सी८ असा संकेत येतो. सी८ म्हणजे गेम चालवणारा प्रोग्राम कोसळला, एवढंच. फाइल खराब असेल, चिप अनोळखी असेल किंवा गेमला लागणारा कोरच (गेम चालवणारं इंजिन) बसवलेला नसेल, तरी सी८च. म्हणून तपासायचा क्रम ठरलेला: आधी आकाराला १०२४ने भागा, मग एसएचए-१ जुळवा, मग कोर बदला.

कोर बदलायला रेट्रोआर्क लागतं, म्हणजे कनूच्या जागी गेम चालवणारं दुसरं सॉफ्टवेअर. हॅकचीच्या मॉड्यूल्स मेनूतल्या मॉड हबमधून ते बसवा आणि त्यानंतर लागतील तेवढेच कोर घ्या. सुपर एनईएससाठी स्नेस९एक्सची जुनी, हलकी २०१० आवृत्ती पुरते. नवी आवृत्ती जास्त अचूक असते पण या चिपला धाप लागते. दुसऱ्या कन्सोलचे गेम असतील तर मेगा ड्राइव्हला जेनेसिस प्लस जीएक्स, एनईएसला एफसीईयूएमएम, गेम बॉय अ‍ॅडव्हान्सला जीपीएसपी. बसवून झालं की गेमवर उजवी क्लिक करून त्याला कोर नेमून द्या. सिलेक्ट आणि स्टार्ट एकत्र दाबले की रेट्रोआर्कचा स्वतःचा मेनू उघडतो. कनू आणि रेट्रोआर्क यांचे सस्पेंड पॉइंट एकमेकांना कळत नाहीत, तेव्हा गेम अर्ध्यात असताना कोर बदलू नका.

युरोपियन फाइली ५० हर्ट्झच्या, कन्सोलचं चित्र ६० हर्ट्झचं. सरकत्या पार्श्वभूमीवर हिसके दिसतात, संगीताचा ताल हलतो. गंमत म्हणजे युरोपात विकलेल्या मिनीतही निन्टेंडोने ६० हर्ट्झच्या अमेरिकन आवृत्त्याच भरल्या. युरोपियन आणि अमेरिकन अशा दोन्ही कॅसेट हाताशी असतील तर अमेरिकन घ्या.

निन्टेंडो ६४चा मोह टाळा. कोर आहे, गेम सुरूही होतो, पण वेग टिकत नाही आणि कंट्रोलरला अ‍ॅनालॉग काठीच नाही. प्लेस्टेशन मात्र पीसीएसएक्स रीआर्म्ड या कोरवर बऱ्यापैकी चालतं. अडचण जागेची. एक सीडी ७०० एमबीपर्यंत जाते.

पेन ड्राइव्ह

मागचं मायक्रो-यूएसबी तोंड वीजही घेतं आणि डेटाही. त्यामुळे जास्तीच्या जागेसाठी पेन ड्राइव्ह लावायचा तर एकाच वेळी वीज आत आणि डेटा बाहेर देणारी ओटीजी जोडणी हवी. मोबाइलची साधी ओटीजी केबल इथे चालत नाही, कारण तिला वीज द्यायला दुसरं शेपूटच नसतं. 'पॉवर्ड ओटीजी' किंवा वाय केबल मागा. चार्जर २ अँपिअरचा घ्या. एकट्या कन्सोलला ५ व्होल्ट १ अँपिअर पुरतं, पेन ड्राइव्ह लागला की ओढ वाढते. टीव्हीच्या यूएसबी तोंडावर हे सगळं चालवलं तर गेम मधेच बंद पडतो आणि दोष बिचाऱ्या पेन ड्राइव्हला जातो.

ड्राइव्ह फॅट३२मध्ये फॉरमॅट करा, नावं लॅटिन अक्षरांत आणि साधी ठेवा. फाइली हाताने कॉपी करायच्या नाहीत. हॅकचीतल्या एक्सपोर्ट गेम्सने ड्राइव्ह निवडला की ती स्वतः हॅकची नावाचा फोल्डर आणि आत गेम्सचा फोल्डर तयार करते. पूर्ण झाल्यावर ड्राइव्ह सेफली रिमूव्ह करूनच काढा. ड्राइव्ह न लावता कन्सोल सुरू केला की त्यावरचे गेम मेनूत नसतात आणि आतले दिसतात. यात बिघाड काही नाही.

सेव्ह आणि परतीची वाट

टूल्समधल्या सेव्ह-स्टेट मॅनेजरमधून प्रत्येक गेमचे सेव्ह संगणकावर उतरवता येतात. नवे मॉड्यूल टाकण्याआधी हे दरवेळी करा. जुन्या कॅसेटमधले सेव्हही तितक्याच घाईने काढून घ्या. कॅसेटच्या आतल्या सीआर२०३२सारख्या बटण-सेलवर ते तीस वर्षं तगून आहेत, आणि सेल संपला की क्षणात जातात. क्रोनो ट्रिगरचं अख्खं सेव्ह ८ केबीचं. सेल बदलायचा म्हटला तरी आधी उतरवा, मगच सोल्डरिंग आयर्न तापवा.

कन्सोल विकायचा किंवा पहिल्यासारखा करायचा असेल तर कर्नल मेनूत अनइन्स्टॉल आहे. आपण चढवलेल्या गेममुळे मूळ २१ गेम पुसले जात नाहीत. ते वाचता येणाऱ्या पण लिहिता न येणाऱ्या भागात असतात, हॅकची फक्त त्यांच्यावर पडदा टाकते. अनइन्स्टॉल झाल्यावर केबल काढा, एचडीएमआय लावा आणि एकदा चालू करून बघा. भाषा विचारणारा पहिलाच पडदा आला की कन्सोल डब्यात भरायला हरकत नाही.